कॅनडात घडलेले युक्रेनी

मित्रहो, युक्रेनबाहेरच्या युक्रेनी माणसांबद्दल बोलायचं तर ब्राझील आहे, अमेरिका आहे. पण मी कॅनडाबद्दल बोलणार आहे. तिथे या लोकांनी नुसता संसार थाटला नाही, आपण कोण हे कॅनडाला नव्याने ठरवायला लावलं.

१८९१ मध्ये इव्हान पिलिपिव आणि वासिल एलेनियाक हे नेबिलिव गावचे दोघे कॅनडात उतरले. त्यांचं गाव आज पश्चिम युक्रेनमध्ये आहे, पण त्यांचा गॅलिशिया प्रांत तेव्हा ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात होता. वाटण्या होऊन होऊन जमिनीचे इतके तुकडे पडले होते की त्यांवर घर चालेना. १८९५ मध्ये ल्विवचे डॉ. योसिफ ओलेस्किव यांनी परदेशातल्या मोकळ्या जमिनींविषयी पुस्तिका काढली आणि माणसं घरदार विकून निघाली. कॅनडाचे मंत्री क्लिफर्ड सिफ्टन यांना पश्चिमेचा माळ नांगरणारे कष्टकरी हवेच होते. १० डॉलर शुल्क भरा, १६० एकर घ्या. १९१४ पर्यंत सुमारे १,७०,००० माणसं आली. मात्र ती जमीन मोकळी नव्हती. क्री आणि इतर मूळ रहिवाशांना राखीव क्षेत्रांत ढकलून ती वाटपाला काढलेली होती. हे सांगितल्याशिवाय मला पुढे जाववत नाही.

पहिल्या हिवाळ्यात हे लोक राहिले कुठे? एडमंटनच्या पूर्वेला गेलेल्या अनेकांनी जमिनीत खड्डा खणला, वर ओंडक्यांचा उतार केला आणि त्यावर गवतासकट मातीची ढेकळं रचली. याला ते बुर्देई म्हणत. आतली बरीच जागा मातीची भट्टीच खायची. स्वयंपाक तिच्यावर, ऊबही तिचीच. कर्ता पुरुष रोजगारासाठी रेल्वेच्या रुळांवर नाहीतर खाणीत गेलेला असायचा. बाहेर उणे ३० अंश थंडी, आत बाई आणि चार-पाच पोरं. झाडोरा तोडणं, भाजीचे वाफे, पुढे घर उभं राहिलं की भिंती लिंपून चुना देणं हे बहुतेक तिच्याच वाट्याला. या वसाहतींच्या इतिहासात पुरुषांची नावं भरपूर सापडतात, पण ती वसवली मुख्यतः या बायकांनी, असं माझं ठाम मत आहे.

सरकारी कागदांवर यातला कुणी ऑस्ट्रियन, कुणी गॅलिशियन, कुणी रुथेनियन (युक्रेनींचंच एक जुनं नाव). त्यांना स्वतःलाही आपलं गाव आणि आपलं चर्च एवढीच ओळख पुरेशी वाटे. वाचनालयं, नाटकं, १९०३ पासून विनिपेगला निघणारं ‘कानादिस्की फार्मेर’ हे वृत्तपत्र, मॅनिटोबा प्रांतातल्या इंग्रजी-युक्रेनी द्विभाषिक शाळा, यांतून आपण सगळे युक्रेनी ही जाणीव कॅनडात पक्की होत गेली.

आणि मग पहिलं महायुद्ध आलं. ऑस्ट्रिया-हंगेरी कॅनडाच्या शत्रुपक्षात होता आणि अंगावर ऑस्ट्रियाच्या प्रजेचा शिक्का असल्यामुळे हीच माणसं शत्रुदेशीय ठरली. सुमारे ८०,००० जणांना पोलिसांकडे नोंदणी करून हजेरी लावावी लागली. ८,५७९ जण छावण्यांत डांबले गेले आणि त्यांत बहुसंख्य युक्रेनी होते. आज पर्यटक बॅन्फची डोंगररांग पाहायला जातात. तिथल्या कॅसल माउंटनच्या छावणीतल्या कैद्यांनी दिवसाला २५ सेंटवर रस्ते बांधले. युद्ध संपलं तरी शेवटची छावणी १९२० मध्येच बंद झाली. ज्या १९१६ मध्ये मॅनिटोबातल्या द्विभाषिक शाळा बंद पाडल्या, त्याच्या पुढच्याच वर्षी फिलिप कोनोवाल हा युक्रेनी जवान कॅनडाच्या सैन्यातून फ्रान्समध्ये असा लढला की त्याला व्हिक्टोरिया क्रॉस हा शौर्याचा सर्वोच्च सन्मान मिळाला! छावण्यांची बरीच दप्तरं सरकारने पुढे नष्ट केली. घरातले वडीलधारेही लाजेपोटी गप्प राहिले. संसदेने या अन्यायाची दखल घेणारा कायदा केला तो २००५ मध्ये, तोवर ते भोगलेले जवळजवळ सगळे गेले होते.

स्थलांतराच्या पुढच्या दोन लाटांबद्दल थोडक्यात. दोन युद्धांच्या मधली आणि दुसऱ्या महायुद्धानंतरची. नंतरच्या लाटेत शिकलेले, राजकीयदृष्ट्या जागे निर्वासित होते आणि जर्मन गणवेशात लढलेली काही माणसंही होती. २०२३ मध्ये कॅनडाच्या संसदेत अशाच एकाला उभं राहून मानवंदना दिली गेली आणि सभापतींना राजीनामा द्यावा लागला. समाजाने हा भाग झाकून ठेवू नये.

साठच्या दशकात कॅनडा म्हणजे इंग्रज आणि फ्रेंच, दोन संस्कृतींचा देश, अशी मांडणी चालली होती. माळ नांगरणाऱ्यांच्या नातवंडांनी विचारलं, मग आम्ही कोण? १९६४ मध्ये युक्रेनी वंशाचे सिनेटर पॉल युझिक यांनी पहिल्याच भाषणात बहुसांस्कृतिक कॅनडाची बाजू मांडली. १९७१ मध्ये पंतप्रधान पिएर ट्रुडो यांनी ते धोरण जाहीर केलं आणि दुसऱ्याच दिवशी विनिपेगमध्ये युक्रेनी कॅनेडियन मेळाव्यापुढे ते मांडलं. १९७४ मध्ये एडमंटनला इंग्रजी-युक्रेनी शाळावर्ग सुरू झाले. नंतर तिथे गेलेल्या कितीतरी समाजांना, त्यांत आपल्या मराठी माणसांनाही, या धोरणाचा आधार मिळाला.

१९९१ मध्ये युक्रेनच्या स्वातंत्र्याच्या सार्वमतानंतर लगेच, २ डिसेंबरला, कॅनडाने त्या देशाला मान्यता दिली. तेव्हा तिथले गव्हर्नर जनरल रे नातिशिन हे युक्रेनी वंशाचेच होते. २०२२ नंतर युद्धामुळे आणखी लाखो लोक आले. जुन्या वस्त्यांमधली युक्रेनी बोली शंभर वर्षांपूर्वीच्या गॅलिशियाची आहे, नव्यांपैकी अनेकांच्या घरी रशियन बोलली जाते. नव्यांना जुन्यांचं नाताळातलं ‘कुत्या’चं, म्हणजे गहू-मधाच्या गोड पदार्थाचं, ताट आपलं वाटतं, त्यांचं राजकारण कधीकधी वाटत नाही. या दोघांना एकमेकांशी अजून बरंच बोलायचं आहे.