'मूल यायला तयार नाही'

आज समोर वकील कमी आणि आईवडील जास्त दिसताहेत, म्हणून कलमं मोजकीच सांगते. विषय असा : आईवडील वेगळे झाले, मूल एकाकडे राहतं, दुसऱ्याला न्यायालयाने भेटीचे दिवस ठरवून दिले, पण भेट होऊच दिली जात नाही.

एक गृहस्थ माझ्याकडे वही घेऊन आले होते. मुलाला भेटायच्या दर शनिवारची तारीख आणि पुढे एक ओळ : 'बेल वाजवली, दार उघडलं नाही.' 'ताप आहे म्हणाले.' 'क्लास आहे.' आज ना उद्या सुधारेल म्हणून ते दीड वर्ष थांबले होते. न्यायालय अवमान अधिनियम, 1971 च्या कलम 20 प्रमाणे अवमानाची, म्हणजे न्यायालयाचा आदेश मोडल्याबद्दलची, कारवाई एका वर्षाच्या आत सुरू व्हावी लागते. त्यामुळे वहीतली सुरुवातीची पानं त्यासाठी निकामी झाली होती. समजूतदारपणे थांबलेल्या माणसाला हे सांगताना मला फार जड गेलं.

अवमानाची याचिका उच्च न्यायालयात जाते. शिक्षा जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद, दंड दोन हजारांपर्यंत. मनापासून मागितलेली माफी न्यायालयाला पटली तर तीही टळते. पण आदेश मोडला एवढं पुरत नाही, तो जाणूनबुजून मोडला हे दाखवावं लागतं. इथेच ते वाक्य येतं : 'मी काय करू, मूलच यायला तयार नाही.'

कधीकधी ते अगदी खरं असतं, आणि मुलाला ओढत नेणं हा उपाय नव्हे. पण मग तुम्ही काय केलंत? त्याला न्यायालयातल्या मुलांच्या खोलीपर्यंत तरी आणलंत का? समुपदेशकांना कळवलंत? आदेश बदलून मागितलात? आदेश चुकीचा वाटला तर बदलून मागायचा असतो. दारात उभं राहून तो आपणच रद्द करायचा नसतो.

दुसरी गोष्ट, कन्सेंट टर्म्समध्ये, म्हणजे दोघांनी मिळून न्यायालयात दिलेल्या तडजोडीच्या अटींमध्ये, 'भेट आपापसांत सोयीनुसार ठरवावी' असं कृपा करून लिहू नका. ज्याचे दोन अर्थ निघतात त्या आदेशाचा अवमान सिद्ध होणं कठीण. वार, वेळ, जागा, कोण आणणार, आजारपणात बुडालेली भेट कधी भरून देणार, सगळं लिहा.

परदेशाचा प्रश्न असेल तर जास्तच जपा. एका वडिलांना सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये अटी घालून मुलाला केनियात नेऊ दिलं. त्यांनी अटी पाळल्या नाहीत. 2021 मध्ये तो आदेश मागे घेतला गेला, 2022 मध्ये वडील अवमानाचे दोषी ठरले. मूल तेव्हाही केनियातच होतं. मुलांच्या अपहरणाविषयीच्या 1980 च्या हेग करारात भारत नाही, त्यामुळे त्या करारातून मूल परत मागण्याचा मार्गही आईच्या हाती नव्हता.

वहीवाल्या गृहस्थांसाठी आम्ही अवमान बाजूला ठेवला. कुटुंब न्यायालयातच अर्ज करून बुडालेल्या शनिवारांच्या बदल्यात मे महिन्यातले दिवस मागितले. बारा मिळाले.