स्मिता गप्प असते तेव्हा

श्रोतेहो, नमस्कार.

रेडिओवरून एखाद्या चेहऱ्याबद्दल बोलायचं म्हणजे तसं अवघडच. तरी आज स्मिता पाटीलबद्दल बोलणार आहे, आणि तेही पडद्यावर ती गप्प असते त्या क्षणांबद्दल.

सुरुवात मात्र तिच्या आवाजापासून करायला हवी. १९७२ साली मुंबई दूरदर्शन सुरू झालं आणि पुढं थोड्याच काळात ही कॉलेजवयीन मुलगी तिथं मराठी बातम्या देऊ लागली. जरासा घोगरा, खालच्या पट्टीतला आवाज. जीन्स घालून स्टुडिओत यायची, त्यावरच साडी गुंडाळायची आणि कॅमेऱ्यासमोर बसायची. घरोघरी दिसायचा तो पदर, कपाळावरचं कुंकू आणि ते डोळे. दिग्दर्शक श्याम बेनेगलांनी तिला हेरलं ते तिथंच.

जन्म पुण्याचा, १७ ऑक्टोबर १९५५चा. वडील शिवाजीराव पाटील खानदेशातल्या शिरपूरचे, राजकारणातले; आई विद्याताई परिचारिका, समाजकार्यात रमलेल्या. घरात राष्ट्र सेवा दलाचे संस्कार. माणसांत मिसळायला स्मिताला वेगळं शिकावं लागलं नाही, असं मला नेहमी वाटतं. ‘मंथन’च्या चित्रीकरणाची एक आठवण सांगतात. शूटिंग बघायला आलेले लोक विचारत होते, हिरोईन कुठंय? आणि हिरोईन तिथंच, गावातल्या बायकांच्या घोळक्यात बसलेली. कुणाला ओळखूच आली नाही! गुजरातच्या ५ लाख दूध उत्पादक शेतकऱ्यांनी प्रत्येकी २ रुपये घालून काढलेला तो सिनेमा. त्याला अशीच नायिका हवी होती.

१९७७ साल तर बघा. एकीकडे ‘जैत रे जैत’मधली ठाकर आदिवासींची चिंधी, नको असलेल्या नवऱ्याला सोडून आपल्या मनातल्या नाग्याकडे निघालेली. दुसरीकडे ‘भूमिका’, हंसा वाडकरांच्या आत्मकथनावर बेतलेली, एका नटीचं सगळं आयुष्य. बाविशीच्या आतबाहेरची मुलगी पडद्यावर डोळ्यांदेखत थकत, पिकत जाते. त्यासाठी तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. दुसरा मिळाला ‘चक्र’साठी. जयवंत दळवींच्या कादंबरीतली झोपडपट्टी, तिथं उघड्यावर अंघोळ करणारी अम्मा. आडोसाच नाही, तर ती बाई काय करणार? पण तेच दृश्य पोस्टरवर छापून गावभर लावलं गेलं, आणि स्मिता संतापली. तिचा संताप रास्तच होता. ज्या बाईचं हलाखीचं जगणं दाखवायचं, तिलाच बाजारात उभं करायचं?

मला मात्र पुन्हापुन्हा ओढून नेतो तो ‘उंबरठा’. जब्बार पटेलांचा, १९८२चा. सुलभा महाजन घर, नवरा, लहानगी मुलगी मागं ठेवून महिलाश्रमाची अधीक्षक म्हणून परगावी जाते. त्यातलं ‘सुन्या सुन्या मैफिलीत माझ्या’ आपण सगळ्यांनी ऐकलंय. सुरेश भटांचे शब्द, हृदयनाथांची चाल, लताबाईंचा आवाज. आता एकदा ते पडद्यावर बघा. स्मिता ओठ हलवत नाही. गाणं मागं वाजत राहतं आणि ती फक्त असते, एकटी. नजर कुठंतरी लागलेली, मधेच पापणी मिटते, पुन्हा उघडते. हातवारे नाहीत, हुंदका नाही. तरी घरापासून किती लांब आलीये ती, हे आपल्याला कळतं. समोरच्याचं बोलणं ऐकतानाही ती अशीच. पुष्कळ नट स्वतःच्या वाक्याची वाट बघत उभे असतात. स्मिता खरोखर ऐकत असायची आणि ऐकलेलं तिच्या चेहऱ्यावर उमटत जायचं. माझ्या मते तिचं मोठेपण इथं आहे.

त्याच वर्षी ती ‘नमक हलाल’ आणि ‘शक्ती’मध्ये अमिताभ बच्चन यांच्याबरोबरही होती. त्या सिनेमांनी तिला गल्लीबोळांत पोहोचवलं. त्यात तिला करण्यासारखं फार नव्हतं, म्हणून त्यावर रेंगाळत नाही. १९८५ साली पद्मश्री मिळाली, तेव्हा ती तिशीचीही नव्हती किंवा जेमतेम तिशीची.

२८ नोव्हेंबर १९८६ला मुलगा झाला, प्रतीक. आणि अवघ्या पंधरा दिवसांत, १३ डिसेंबरला, बाळंतपणानंतरच्या गुंतागुंतीनं ती गेली. वय ३१. ओल्या बाळंतिणीचं असं जाणं आपल्याकडं घरोघरी ठाऊक असलेलं दुःख आहे. म्हणून असेल, पण त्या दिवशी कितीतरी घरांत आपल्याच घरातली लेक गेल्यासारखं झालं.

तिचे बरेच सिनेमे नंतर आले. केतन मेहतांचा ‘मिर्च मसाला’ १९८७चा. मिरच्यांच्या कारखान्याचं दार फोडून सुभेदार आत येतो, बायका त्याच्या डोळ्यांत तिखट उधळतात, तो कोसळतो. समोर हातात विळा घेऊन सोनबाई, म्हणजे स्मिता, उभी आहे. ती एक शब्द बोलत नाही. नुसती बघते.