पोर्चवरची गच्ची

(दृश्य: ओस पडलेला स्टेशन रोड. उन्हाच्या झळांमागे हलताना दिसणारं लोखंडी फाटक.)

मे महिन्यात दुपारी दीड वाजता खानदेशातल्या कुठल्याही तालुक्याच्या गावी रस्त्यावर दोघंच सापडतात. एक रसवंतीवाला आणि दुसरे आपण, कॅमेरा घेऊन. जळगाव-भुसावळकडे पारा या दिवसांत पंचेचाळिशीपलीकडे जातो. तरी हा बंगला बघायला मुद्दाम हाच महिना निवडला. हिवाळ्यात हे घर नुसतं देखणं दिसतं. ते असं का बांधलं, हे कळायला ऊन लागतं.

मालकांनी एकाच अटीवर फाटक उघडलं: गावाचं आणि घराण्याचं नाव घ्यायचं नाही. ठीक आहे. खानदेशात रेल्वे स्टेशन असलेल्या बऱ्याच गावांत असा एखादा बंगला आहे, आणि त्या सगळ्यांची जन्मकथा जवळपास एकच आहे. कापूस.

(दृश्य: जुन्या जिनिंगची चिमणी. पिंपळ फुटलेली भिंत.)

1861 साली अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं आणि इंग्लंडमधल्या लँकेशायरच्या कापडगिरण्यांना तिकडचा कापूस मिळेनासा झाला. त्यांची नजर मुंबई बंदराकडे वळली आणि मुंबईच्या व्यापाऱ्यांची खानदेशच्या काळ्या जमिनीकडे. त्याच दशकात लोहमार्ग टाकला जात होता. 1865 मध्ये कसाऱ्याचा थळघाट रेल्वेने ओलांडला, आणि चाळीसगाव, पाचोरा, जळगाव, भुसावळ ही गावं मुंबईशी थेट जोडली गेली. त्याच वर्षी युद्ध संपलं, कापसाचे भाव कोसळले, मुंबईत भल्याभल्या पेढ्या बुडाल्या. पण रूळ राहिले, पेरा राहिला. 1870 च्या दशकात जळगावात कापडगिरणी उभी राहिली. 1900 च्या सुमारास सुरतेकडून तापी खोऱ्यातली गाडी अमळनेरला आली, चाळीसगावहून धुळ्याचा फाटा निघाला, आणि गावोगावी जिनिंग-प्रेसिंगची चिमणी दिसू लागली. लोकांच्या तोंडी तिचं नाव साधं होतं, ‘जीन’. तिथे सरकी निघायची, रुईच्या गाठी बांधल्या जायच्या आणि गाठी वॅगनमध्ये चढायच्या. भाव खंडीवर बोलला जायचा. तो आजही तसाच बोलला जातो, खंडी म्हणजे 356 किलो.

जीन आली, मागोमाग जीनवाल्या शेटचा बंगला आला. त्याआधी शेट कुठे राहायचा? इतरांसारखाच, धाब्याच्या घरात.

हे धाबं समजल्याशिवाय बंगला समजत नाही, म्हणून जरा थांबू. लाकडी सरांवर किलच्यांची, म्हणजे लाकडाच्या बारीक फळ्यांची, दाटी, तिच्यावर पाला, त्यावर माती आणि सगळ्यात वर पांढरी, खारवट माती चोपून सपाट केलेलं छत, ते धाबं. पाऊस बेताचा असलेल्या मुलखाचं हे छत. मृगाच्या आधी दरवर्षी वर नवी माती पडायची. दिवसा त्या छतावर मिरच्या आणि पापड वाळायचे. रात्री सगळं घर वर झोपायला जायचं, म्हाताऱ्यांपासून तान्ह्यांपर्यंत. शेजारच्या धाब्यावरच्या गप्पा इकडे ऐकू यायच्या. खानदेशी उन्हाळ्याची खरी निजायची खोली ती.

(दृश्य: पोर्च. कॅमेरा खालून वर, लोखंडी गर्डरपर्यंत.)

आता बंगला बघा. समोर बग्गी उभी राहील असा पोर्च. चार जोडखांब, त्यांच्या माथ्यावर गिलाव्यात काढलेली पानं. खांब ग्रीक धाटणीचे म्हणायचे, पण पानं नीट बघितली तर ती कापसाची निघतात. गवंड्याने समोर जे दिसलं तेच कोरलं असणार. मला या अख्ख्या दर्शनी भागात तेवढी एकच गोष्ट मनापासून आवडली. बाकीचा थाट मुंबईतल्या बंगल्यांवरून उचललेला आहे, आणि ते लपवायचा कुणी प्रयत्नही केलेला नाही.

पोर्चमधून आत दिवाणखाना. उजव्या हाताला पेढीची खोली, तिला बाहेरून स्वतंत्र दार. दलाल, अडते, उसनवारी मागायला आलेला शेतकरी, सगळे त्या दाराने आत यायचे. त्यांचे जोडे दिवाणखान्यात यायचे नाहीत. पेढीतल्या शहाबादी फरश्या दाराशी घासून खोलगट झाल्या आहेत. दिवाणखान्यातली रंगीत नक्षीची फरशी मात्र अजून काल बसवल्यासारखी आहे. घरात कुठून किती माणसं आली, याचा हिशेब वहीत बघायची गरज नाही.

मागे मात्र बंगला संपतो आणि वाडा सुरू होतो. चौक, चौकाभोवती ओसरी, कोपऱ्यात तुळस, पलीकडे सुटं स्वयंपाकघर. ते सुटं का, हे खापरावर मांडे होताना ज्यांनी पाहिलंय त्यांना विचारायची गरज नाही. पालथं घातलेलं खापर, खाली भडकलेली चूल, हातांवर फिरवत मोठा केलेला पुरणाचा मांडा. एवढी धग राहत्या घरात कोण घेईल? ओसरीच्या सागवानी तुळईला दोन जाड कड्या आहेत. एरवी तिथे बंगई, म्हणजे फळीचा झोपाळा, असायची. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, माहेरवाशिणी आल्या की बंगई उतरायची आणि त्याच कड्यांना झोका बांधला जायचा.

(दृश्य: राखणदाराचा हात भिंतीवर.)

इथले राखणदार भिंतीवर हात ठेवून सांगतात, “दखा भाऊ, हाई भिंत दीड हातनी शे.”

दीड हाताची भिंत, पक्क्या विटांची आणि चुन्याची. चुना घाणीत मळलेला. म्हणजे जमिनीत गोल चर, चरात दगडी चाक, चाकाला बैल. चुना आणि वाळू तासन्‌तास रगडायची, त्यात गूळ, हिरड्याचं पाणी, बेलफळाचा गर घालायचा. असा चुना हवेतला कार्बन डायऑक्साइड शोषत वर्षानुवर्षं कडक होत जातो. मागच्या बाजूला एका भिंतीला अलीकडे सिमेंटचा गिलावा केला आहे. नेमक्या त्याच भिंतीला लोणा लागलाय, म्हणजे ओलीबरोबर क्षार वर येऊन वीट झडतेय. आतली ओल चुन्यातून निघून जायची, सिमेंटने तिची वाट अडवली. आता नखाने खरवडलं तरी विटेचा भुगा खाली पडतो.

जाड भिंतीचा मोठा गुण म्हणजे ऊन आत यायला वेळ लावते. बाहेर दुपार होरपळत असताना आपण आत्ता दिवाणखान्यात उभे आहोत, आणि घाम पुसायची आठवण होत नाहीये. छत उंच, गरम हवा वर जाते आणि दोरीने उघडायच्या झरोक्यांतून बाहेर पडते. खिडक्यांना लाकडी झडपा आहेत, त्यामुळे वारा आत आणि ऊन बाहेर. पश्चिमेच्या दारांवर अजून खिळे दिसतात. उन्हाळ्यात त्यांना वाळ्याचे ताट्टे लटकायचे आणि एक माणूस दिवसभर त्यांच्यावर पाणी मारायचा. त्या माणसाच्या अंगावर कुठली सावली होती, ते माहीत नाही. पलीकडे जीनमध्ये तर डोक्यावर पत्रा होता, आणि नाकातोंडात रुईचे तंतू.

पण भिंतीचा हाच गुण रात्री उलटतो. दिवसभर पोटात घेतलेली उष्णता ती संध्याकाळनंतर आत सोडू लागते. दहा वाजता खोल्या तव्यासारख्या होतात. धाब्याच्या घरात काय केलं असतं? वर गेलो असतो. इथे वर काय आहे? मंगळुरी कौलं. बासेल मिशनने 1865 मध्ये मंगळुरात कारखाना काढला आणि ही लाल कौलं पुढे रेल्वेने सगळीकडे गेली. उतरतं कौलारू छत म्हणजे त्या काळी प्रतिष्ठा होती. पावसाला उत्तम, दिसायला सुरेख, आणि झोपायला अजिबात निरुपयोगी. शेटने धाबं सोडलं आणि उन्हाळ्यातली झोप गमावली.

म्हणून आता पुन्हा त्या पोर्चकडे येऊ.

(दृश्य: अरुंद चक्री जिना, वर उजेडाचा चौकोन.)

अख्ख्या बंगल्यात सपाट माथा फक्त पोर्चला आहे. लोखंडी गर्डर, दोन गर्डरांमध्ये विटांची बसकी कमान, वर चुन्याचा कोबा. एका गर्डरवर रंगाच्या पापुद्र्याखाली उठावाची अक्षरं आहेत, ‘डॉर्मन लाँग, मिडल्सबरो, इंग्लंड’. इथून कापूस विलायतेला गेला, तिकडून हे लोखंड आलं. वर जायला दिवाणखान्यातून वाट नाही. जिना निघतो मागच्या ओसरीतून, बायकांच्या वावरातून, आणि भिंतीच्या पोटातून वळत थेट पोर्चच्या माथ्यावर उघडतो. कठडा छातीइतका उंच. रस्त्यावरून काही दिसत नाही. कोब्याला एका अंगाला हलका उतार, म्हणजे संध्याकाळी पाणी शिंपडलं की वाहून जातं आणि जागा गार होते. खालून साहेबी थाट, वरून धाबं.

असे बंगले बांधणाऱ्यांनी पैसा फक्त स्वतःच्या छपरावर घातला असं मात्र नाही. अमळनेरला गिरणी काढणाऱ्या प्रताप शेट यांनी 1916 मध्ये चक्क तत्त्वज्ञान मंदिर उभं केलं. जी. आर. मलकानी, रासविहारी दास, टी. आर. व्ही. मूर्ती यांच्यासारखे तत्त्वज्ञ या कापसाच्या गावात राहून वेदान्तावर लिहीत होते. त्याच गावात साने गुरुजींनी 1924 ते 1930 शिक्षकी केली, आणि त्याच गावात 1945 मध्ये वनस्पती तुपाचा कारखाना काढायला कंपनी निघाली, जी पुढे विप्रो झाली.

(दृश्य: संध्याकाळ. पोर्चवरची गच्ची.)

या घरातली माणसं आता पुण्या-मुंबईत असतात. जीनच्या जागेवर प्लॉट पडले, वजनकाटा भंगारात गेला. दिवाणखान्याला कुलूप असतं.

सात वाजलेत. राखणदार बादलीभर पाणी घेऊन वर आले आहेत. हाताने शिंपडत कठड्यापर्यंत जातात, परत येतात. कोब्यातून वाफ निघते, मातीचा वास येतो. या जिन्यातून खाट वर येत नाही, वळणावर अडते. म्हणून ते सतरंजी अंथरतात, तिच्यावर गोधडी. उशाला पाण्याचा तांब्या.

खाली स्टेशनात भुसावळकडची पॅसेंजर येऊन उभी राहिली आहे.