चिखल, गांडुळं आणि बेडकाची अंडी

श्रोते हो, नमस्कार.

मे महिन्याची सुट्टी आहे, घरोघरी मुलं जमली आहेत आणि कुणाचा ना कुणाचा वाढदिवस आहेच. अशा वेळी मुलांपुढे ठेवायला आज तीन पदार्थ सांगणार आहे. दिसायला किळसवाणे आणि खायला गोड. चिखलातली गांडुळं, बेडकाची अंडी आणि डोळे. मुलांनी आधी ‘ईऽऽ’ म्हणून तोंड फिरवायचं आणि मग दुसरी वाटी मागायची, असा हा बेत. त्यातली दुसरी वाटी महत्त्वाची. नुसतं रूप भयंकर आणि चव काहीच नाही, असा पदार्थ मुलं एक चमचा खातात आणि चिवडत बसतात. म्हणून चव आधी, ‘ईऽऽ’ नंतर.

पहिली गांडुळं. बाहेरच्या देशांत ती प्लास्टिकच्या स्ट्रॉमध्ये जेली ओतून करतात. आपल्याकडे प्लास्टिकच्या स्ट्रॉवर १ जुलै २०२२ पासून बंदी आहे आणि कागदी स्ट्रॉ गरम जेलीत मऊ पडतात. त्याची गरजही नाही, कारण आपल्या घरात सोऱ्या आहे. फालुद्यात घालतो ती शेव डोळ्यांसमोर आणा. तीच जाड पाडायची, की झालं गांडूळ.

दहा मुलांसाठी एक वाटी कॉर्नफ्लोअर घ्या आणि त्याच वाटीने तीन वाट्या गार पाणी. दोन मोठे चमचे साखर, अर्धा चमचा कोको आणि दोन चमचे बिटाचा रस. कोको आणि बीट एकत्र आले की मातकट गुलाबी रंग येतो, अगदी पावसाळ्यात अंगणात दिसतो तसा. गुठळी राहू न देता सगळं गार पाण्यातच कालवा आणि मगच पातेलं गॅसवर ठेवा. मध्यम आच, हात सतत चालू. चार-पाच मिनिटांनी मिश्रण एकदम घट्ट होतं. बहुतेकांची चूक होते ती इथेच. घट्ट झालं म्हणून गॅस बंद करतात. करू नका. अजून तीन मिनिटं घोटा. पिठूळपणा जाऊन चकाकी आली पाहिजे. कच्चं राहिलं तर शेव पाण्यात पडताच तुटते आणि खाताना दाताला पीठ लागतं. पुन्हा सांगते, चकाकी येईपर्यंत घोटायचं.

सोऱ्याला जाड शेवेची चकती लावा, आतून पाण्याचा हात फिरवा आणि मिश्रण गरम असतानाच भरा. पितळी सोऱ्या चांगलाच तापतो, तेव्हा फडक्यात धरा, आणि हे काम मोठ्यांनीच करायचं. खाली परातीत बर्फाचं पाणी ठेवा. शेव पाडत जायची आणि वीतभर झाली की कात्रीने कापायची. मिश्रण निवलं तर सोऱ्यातून उतरत नाही, उगाच मनगट दुखतं. मग ही गांडुळं उपसून अर्धा तास गुलाबाच्या सरबतात ठेवा, नाहीतर ती बेचव लागतात. आदल्या रात्री करून फ्रिजमध्ये मात्र ठेवू नका. स्टार्च गारठ्यात आखडतो, सकाळी गांडुळं रबरासारखी होतात. त्याच दिवशी दुपारी करा.

चिखल सोपा. अर्धा लिटर दूध, तीन मोठे चमचे कॉर्नफ्लोअर, दोन कोको, पाच साखर. शिजवून गार करा, वाट्यांत घाला. वर चॉकलेटच्या बिस्किटांचा भरड चुरा, तोही मुलं बसल्यावर, कारण अर्ध्या तासात तो मऊ पडतो. चुऱ्यातून दोन-दोन गांडुळं अर्धी बाहेर काढून ठेवा. वाढदिवस मात्र संध्याकाळी पाचचा ठेवा. आठला बोलावलेली मुलं पेंगुळतात, आणि पेंगुळलेल्या मुलाला केक काय अन् गांडूळ काय. असो.

दुसरा पदार्थ बेडकाची अंडी. त्याला लागतो सबजा आणि चायना ग्रास. नाव ग्रास, पण हे गवत नव्हे. समुद्रातल्या लाल शेवाळापासून हे काढतात. जगभर त्याला अगर-अगर म्हणतात, आणि अगर म्हटलं की एक हकिगत सांगितल्याशिवाय पुढे जाववत नाही.

साल १८८१. जागा बर्लिन, डॉक्टर रॉबर्ट कॉख यांची प्रयोगशाळा. रोगजंतू वेगवेगळे करून वाढवायचे कसे, हा तेव्हाचा मोठा प्रश्न होता. पातळ रश्श्यात वाढवले तर सगळे एकमेकांत मिसळतात. उकडलेल्या बटाट्याच्या चकतीवर वाढवून पाहिले, पण बटाटा सगळ्या जंतूंना मानवेना. मग कॉख यांनी जिलेटिन घेतलं. प्राण्यांच्या हाडांपासून आणि कातड्यापासून निघतं ते जिलेटिन, परदेशी जेलीत असतं तेच. त्याचा थर पारदर्शक, जंतू वर ठिपक्यांसारखे दिसतात. पण त्याचे दोन दोष. एक म्हणजे आपल्या अंगाइतक्या उबेत, ३७ अंशांत, ते वितळतं, आणि रोगजंतूंना तर तीच ऊब हवी. दुसरा दोष असा, की काही जंतू जिलेटिनच खाऊन त्याचं पाणी करतात.

त्या प्रयोगशाळेत जर्मनीतल्याच सॅक्सनी प्रांतातले एक डॉक्टर काम शिकायला आले होते, वाल्थर हेसे. हवेतले जंतू मोजायचा त्यांचा अभ्यास. उन्हाळ्यात त्यांच्या नळ्यांतलं जिलेटिन सारखं वितळायचं, दिवसभराची मेहनत वाया जायची. त्यांच्या पत्नी फॅनी हेसे त्यांना मदत करायच्या. भांडी, नळ्या, जंतू वाढवायची माध्यमं तयार करणं त्या बघायच्या, आणि जंतूंच्या वसाहतींची सुरेख रंगीत चित्रंही काढायच्या. त्या घरी फळांची जेली आणि पुडिंगही करायच्या. एका उन्हाळ्यात वाल्थर यांनी विचारलं, माझं जिलेटिन वितळतं आणि तुझी जेली एवढ्या उकाड्यात घट्ट कशी राहते?

उत्तर स्वयंपाकघरातलं होतं. फॅनी जन्मल्या न्यूयॉर्कमध्ये. तिथे त्यांच्या शेजारी एक डच कुटुंब होतं, जावा बेटावर राहून आलेलं. जावात उकाडा बारमाही. तिथल्या बायका जेलीला अगर-अगर घालतात, हे फॅनींना शेजारणीकडून कळलेलं. एका बेटावरची रीत शेजारधर्माने दुसऱ्या खंडात गेली आणि तिथून तिसऱ्या खंडातल्या प्रयोगशाळेत पोहोचली. अगर एकदा घट्ट झालं की ८५ अंशांच्या आसपास जाईपर्यंत वितळत नाही. त्यात प्रथिन नाही, म्हणून जिलेटिन पचवणारे जंतूही त्याला सहसा काही करू शकत नाहीत. दोन्ही दोष एका चिमटीत गेले.

हेसेंनी ही गोष्ट कॉख यांना कळवली. २४ मार्च १८८२ रोजी कॉख यांनी क्षयाचा जंतू सापडल्याचं जाहीर केलं. त्या वर्षीच्या त्यांच्या लेखात अगरचा उल्लेख आहे. हेसे पती-पत्नींचा नाही. फॅनी १९३४ साली वारल्या. आज आपल्या गावातल्या पॅथॉलॉजी लॅबमध्ये लघवीचं कल्चर करायला देतो, तेव्हा त्यातले जंतू ज्या थरावर वाढवतात तो हाच, अगरचा. आणि हा थर ज्या डबीत असतो तिच्यावर नाव कुणाचं? कॉख यांच्याच प्रयोगशाळेतल्या पेट्रींचं. ती पेट्री डिश झाली. आतल्या थराला हेसे यांचं नाव मिळायला हवं होतं, असं मला मनापासून वाटतं. घरातल्या बाईने सांगितलेली युक्ती घ्यायची आणि तिचं नाव राहून जायचं, हे आपल्या घरांतही रोज होतं. लोणच्याची पाककृती आजीची असेल तर आजीचं नाव घेऊन सांगा.

बरं, अंड्यांकडे येऊ. तीच दोन कारणं आपल्यालाही उपयोगी. एक, विदर्भातल्या मे महिन्यातही ही जेली ताटलीत वितळत नाही. दोन, ताजा अननस किंवा पपई घातली तरी बिघडत नाही. या फळांतलं एन्झाइम जिलेटिनचं प्रथिन तोडतं, अगरला हात लावत नाही. शिवाय जेली पूर्ण शाकाहारी होते.

दोन चमचे सबजा मोठ्या पेल्याभर पाण्यात वीस मिनिटं भिजवा. प्रत्येक दाण्याभोवती काचेसारखा गोळा आला की ती बेडकाची अंडीच. अर्धा लिटर पाण्यात अगरची पावडर सपाट एक चहाचा चमचा, म्हणजे सुमारे २ ग्रॅम. लांब दोऱ्यांचं चायना ग्रास असेल तर १० ग्रॅमच्या पुडीतला तिसरा हिस्सा, कात्रीने कापून, अर्धा तास भिजवून. उकळी आल्यावर पाच मिनिटं मंद आचेवर ठेवा, एकही तंतू दिसता कामा नये. साखर चवीप्रमाणे. गॅस बंद केल्यावर खसचं सरबत चार-पाच मोठे चमचे आणि एका लिंबाचा रस. लिंबू उकळताना घातलं तर अगरची पकड सुटते. पुन्हा सांगते, लिंबू गॅस बंद केल्यावर. आणि सरबत फ्रिजमधलं गार नको, लगेच गुठळ्या धरतात.

सबजा कधी घालायचा? बोट सहज टेकवता येईल इतकं निवलं आणि कडेला धरायला लागलं की. आधी घातला तर सगळा तळाला बसतो. अगर साधारण ३२ ते ४० अंशांच्या दरम्यान धरतं, त्यामुळे नागपूर-चंद्रपूरकडे ओट्यावर ठेवलं तर धरणारच नाही. भांडं गार पाण्यात ठेवा. धरल्यावर काट्याने हलकं मोडा, म्हणजे डबक्यातल्यासारखं बुळबुळीत दिसतं.

डोळे थोडक्यात, वेळ होत आलाय. रसगुल्ला हलका पिळा, वर चमच्याच्या टोकाने खळगा करा, त्यात हिरव्या द्राक्षाची चकती आणि मध्ये भिजवलेल्या काळ्या मनुकेचा तुकडा. लाल शिरा पातळ केलेल्या स्ट्रॉबेरी जॅमच्या, टूथपिकने, अगदी वाढताना. आधी काढल्या तर रसगुल्ला रस शोषतो आणि सगळा डोळा गुलाबी होतो.

लहानग्यांसाठी एक खबरदारी, तीही दोनदा सांगते. पाच वर्षांच्या आतल्या मुलांना अख्खं द्राक्ष किंवा अख्खी लिची देऊ नका, घशात अडकते. द्राक्ष उभं चिरून चार फोडी करा. त्यांचा रसगुल्लाही कापूनच द्या आणि जेली बारीक मोडून. अख्खं द्राक्ष नाही, उभ्या चार फोडी.

आणि गांडुळांचा सोऱ्या लगेच पाण्यात टाका. वाळलेलं कॉर्नफ्लोअर चकतीच्या भोकांतून निघता निघत नाही. नमस्कार.