नवा प्रतिवादी जोडला, पण मुदतीचं काय?

आज मी एकाच मुद्द्यावर बोलणार आहे, कारण या एका मुद्द्यापायी लोकांचे खरे दावे फेटाळले जातात आणि ते बघवत नाही. दिवाणी दावा चालू असतो, मध्येच कळतं की एक माणूस प्रतिवादी करायचा राहूनच गेला, मग सीपीसीच्या, म्हणजे दिवाणी प्रक्रिया संहितेच्या, ऑर्डर १ रूल १० खाली अर्ज जातो, कोर्ट मंजूर करतं, नाव चढतं आणि पक्षकाराला वाटतं झालं आपलं काम. झालेलं नसतं, भाऊ.

रूल १० म्हणतो की दाव्याच्या कोणत्याही टप्प्यावर पक्षकार जोडता येतो, आणि ते बरोबरच आहे, पण नाव जोडता येणं वेगळं आणि त्या माणसाविरुद्ध दावा मुदतीत, म्हणजे कायद्याने ठरवलेल्या वेळेत, असणं वेगळं. मुदतीचं ठरतं लिमिटेशन ॲक्ट १९६३ च्या कलम २१ वरून. ते सांगतं की नंतर जोडलेल्या माणसापुरता दावा तो पक्षकार झाला त्या दिवशी दाखल झाला असं धरायचं. म्हणजे दावा एकच, पण जुन्या प्रतिवादीसाठी तारीख एक आणि नव्यासाठी दुसरी.

आता आपल्या नागपूरच्या बेसा-मनीषनगरकडचा प्लॉट समजा. बयाणापत्रात लिहिलंय की ३० जून २०२२ पर्यंत रजिस्ट्री करून देऊ. मालकाने दिली नाही. करारपूर्तीच्या दाव्याला मुदत ३ वर्षं, याच लिमिटेशन ॲक्टचं आर्टिकल ५४, म्हणजे ३० जून २०२५. तुम्ही मार्च २०२५ मध्ये दावा टाकला, छान मुदतीत. ऑगस्टमध्ये मालकाचा जबाब आला की हा प्लॉट तर मी २०२३ सालीच दुसऱ्याला विकला, रजिस्ट्री झाली. आता मालकी त्या खरेदीदाराकडे, त्याला आणल्याशिवाय हुकूमनाम्याचा उपयोग नाही, म्हणून त्याला जोडायला अर्ज करता. पण त्याच्यापुरती मुदत जूनमध्येच संपली!

इथे बरेच जण म्हणतात की डिले कंडोन करून घेऊ. नाही होत. विलंब माफीचं कलम ५ अपिलाला आणि अर्जाला आहे, दाव्याला नाही. आणि समोरच्याने मुदतीचा मुद्दा काढला नाही तरी कलम ३ प्रमाणे कोर्टाला तो स्वतःहून बघावाच लागतो.

मग वाट कोणती? कलम २१ चं परंतुक, म्हणजे कलमाला जोडलेला अपवाद. १९०८ च्या जुन्या कायद्यात ते नव्हतं, १९६३ मध्ये आलं. माणूस राहून गेला तो सद्भावनेने झालेल्या चुकीमुळे, अशी कोर्टाची खात्री पटली तर त्याच्यापुरताही दावा आधीच्या तारखेला दाखल झाला असं धरण्याचा आदेश कोर्ट देऊ शकतं. पण सद्भावना म्हणजे नुसतं मन साफ असणं नाही, याच कायद्यात व्याख्या आहे, पुरेशी काळजी आणि लक्ष देऊन केलं नसेल तर ते सद्भावनेने केलं असं धरत नाहीत. वरच्या उदाहरणात कोर्ट पहिला प्रश्न हाच विचारणार की २०२३ ची रजिस्ट्री होती तर दावा टाकण्याआधी सर्च, म्हणजे रजिस्ट्री ऑफिसातल्या नोंदींचा शोध, काहून नाही घेतला? याचं उत्तर तुमच्याजवळ पाहिजे.

आणि सगळ्यात महत्त्वाचं, ही आधीची तारीख आपोआप मिळत नाही. रामलिंगम चेट्टियार विरुद्ध पट्टाभिरामन, २००१, सुप्रीम कोर्ट. तिथे वारसांना जोडण्याचा अर्ज होता, पण दावा आधीच्या तारखेचा धरा अशी मागणीही नव्हती आणि कोर्टाचा तसा आदेशही नव्हता, म्हणून त्या वारसांविरुद्धचा दावा मुदतबाह्य ठरला. एक विनंती लिहायची राहिली म्हणून. मला हे प्रकरण फार लागतं.

उलट, प्रतिवादी दावा टाकण्याआधीच वारलेला होता आणि वादीला ते माहीतच नव्हतं, कळल्याबरोबर त्याने वारसांसाठी धावपळ केली, तर कोर्ट समजून घेतं. करुप्पस्वामी प्रकरणात, १९९३ मध्ये, सुप्रीम कोर्टाने असा लाभ दिलाय. दावा चालू असताना प्रतिवादी वारला तर तो वेगळा विषय, तिथे वारस आणायला ९० दिवस आहेत. मालकाने दावा चालू असताना प्लॉट विकला तर त्या खरेदीदाराला जोडतानाही कलम २१ ची ही अडचण नाही, पोटकलम २ ने तो सोडलाय.

म्हणून अर्जात दोन विनंत्या वेगवेगळ्या लिहा, एक नाव जोडण्याची आणि दुसरी कलम २१ च्या परंतुकाखाली आधीच्या तारखेची. सोबत शपथपत्र, त्यात ती गोष्ट कधी कळली, कशावरून कळली, आधी काय शोधलं होतं. मुदत अजून बाकी असेल तर अर्जावर लवकर आदेश घ्या, कारण कलमात शब्द पक्षकार झाला त्या दिवसाचे आहेत, अर्ज टाकला त्या दिवसाचे नाहीत. आणि ज्यांचं नाव जोडून झालंय पण दुसरी विनंती राहून गेलीय, त्यांनी निकालाची वाट बघत बसू नका, परंतुकात अमुक टप्प्यावरच मागा असं कुठे लिहिलेलं नाही, वकिलाला उद्याच फाइल काढायला सांगा.