पिवळा टनर

(दृश्य: पुण्याजवळचे जलशुद्धीकरण केंद्र, पहाट. शेडमध्ये आडवे ठेवलेले पिवळे टनर, म्हणजे क्लोरीनच्या मोठ्या टाक्या.)

पुण्याच्या नळाला पाणी सुटण्याआधी त्यात क्लोरीन मिसळतात. एका टनरमध्ये साधारण 900 किलो, दाबाखाली द्रव झालेला. नळापर्यंत पोचल्यावर लिटरमागे निदान 0.2 मिलिग्रॅम उरावा, असा दंडक आहे.

22 एप्रिल 1915, पहिले महायुद्ध, बेल्जियममधले ईप्र. संध्याकाळी पाचच्या सुमारास जर्मन सैन्याने 5,730 सिलिंडरांच्या तोट्या उघडल्या. दीडशे टनांहून अधिक क्लोरीन, म्हणजे आपले पावणेदोनशे टनर. योजना फ्रिट्झ हाबर यांची. आज शेतात पडणारा युरिया ज्या अमोनियापासून होतो, तो बनवण्याची वाट याच माणसाने शोधली.

क्लोरीन हवेच्या जवळपास अडीचपट जड. तो उतार धरतो, आणि समोरचे सैनिक होते खंदकात. चार दिवसांनी, 26 एप्रिलला, ब्रिटिशांच्या लाहोर डिव्हिजनचे हिंदी सैनिक त्याच भागात हल्ल्याला उतरले आणि वायूत सापडले. मास्क नव्हतेच. जमादार मीर दस्त यांना त्या दिवसाच्या कामगिरीबद्दल व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. तोंडावर ओल्या कापडाचा बोळा धरणे, एवढाच काय तो उपाय. क्लोरीन पाण्यात विरघळतो, म्हणून तो थोडाफार चाले.

या शस्त्राचा खरा सेनापती वारा. 25 सप्टेंबर 1915 ला फ्रान्समधल्या लूसच्या लढाईत ब्रिटिशांनी वायू सोडला, वारा पडला, आणि काही ठिकाणी तो त्यांच्याच खंदकांत परतला. कुठे सिलिंडरच्या तोट्या उघडायचे पानेच बसेनात.

(दृश्य: गळतीचा सराव. लांब काठीच्या टोकाला अमोनियात बुडवलेला बोळा.)

गळती नेमकी कुठे, हे आजही अमोनियानेच शोधतात: बोळा जवळ नेला की पांढरा धूर दिसतो. मग टनर फिरवून गळकी जागा वर आणायची, म्हणजे द्रवाऐवजी वायू बाहेर पडेल. द्रव सांडला तर त्याचा साडेचारशे पट वायू होतो. गळत्या टनरवर पाणी मारायचे नाही. आम्ल तयार होऊन भोक मोठे होते. आणि पळायचे ते वाऱ्याला आडवे, चढाकडे.

डिसेंबर 1915 मध्ये फॉस्जीन हा दुसरा विषारी वायू आला. वास भिजलेल्या गवताच्या गंजीसारखा, त्रास सुरुवातीला किरकोळ. माणूस चालता-बोलता असतो, आणि काही तासांनी फुप्फुसांत पाणी भरते. ओला बोळा इथे हरला. 1916 च्या ब्रिटिश पेटी-मास्कमध्ये हवा कोळशातून आणि रसायनांच्या थरांतून गाळून येई.

जुलै 1917 मध्ये मस्टर्ड गॅस. नाव गॅस, प्रत्यक्षात तेलकट द्रव. 14 अंशांखाली तो गोठतो. मास्कने फुप्फुसे वाचतात, कातडी नाही. फोड यायला काही तास लागतात, तोवर माणूस तेच कपडे घालून सगळीकडे फिरलेला असतो. अंगावर पडलेला थेंब चोळला की पसरतो. तो टिपायचा, तोही पहिल्या दोन-चार मिनिटांत. सैनिकी किटमध्ये यासाठी असते ती मुलतानी माती, हो, चेहऱ्याला लावतात तीच. जमिनीवर ब्लीचिंग पावडर, म्हणजे पुन्हा क्लोरीनच.

1936 मध्ये जर्मनीत गेरहार्ड श्राडर कीटकनाशक शोधत होते. हाती लागला ताबून, पहिला नर्व्ह एजंट, म्हणजे मज्जासंस्थेवर घाला घालणारे विष. सारिन आणि सोमान हे त्याचेच भाऊबंद. फवारणीत विषबाधा झालेला शेतकरी रुग्णालयात येतो तेव्हा डॉक्टर त्याच कुळातल्या विषाशी झुंजत असतात: बाहुल्या टाचणीएवढ्या, तोंडाला लाळ, छातीत घरघर. ॲट्रोपिन हे औषध द्यायचे ते छाती कोरडी होईपर्यंत. बाहुली मोठी झाली म्हणून थांबणे ही नेहमीची चूक. प्रॅलिडॉक्सिम हे दुसरे औषध वेळेत हवे. सारिनमध्ये त्यासाठी काही तास मिळतात, सोमानमध्ये जेमतेम मिनिटे.

20 मार्च 1995 ला टोकियोच्या भुयारी रेल्वेत सारिन सोडला गेला. रुग्ण होते त्याच कपड्यांत आत आले आणि रुग्णालयातले कर्मचारीही बाधित झाले. आधी कपडे उतरवा, मग आत घ्या, हा क्रम तेव्हापासून जगभर घोटला जातो. आपल्याकडे दापोडीच्या कॉलेज ऑफ मिलिटरी इंजिनिअरिंगमध्ये सैन्याला या संरक्षणाचे शिक्षण मिळते. मास्क काही सेकंदांत चढवायचा असतो, आणि दाढीचे खुंट वाढले असतील तर तो चेहऱ्याला घट्ट बसत नाही.

1925 च्या जिनिव्हा कराराने वापरावर बंदी आणली, साठ्यावर नाही. ती पळवाट बुजायला 1997 उजाडले, तेव्हा रासायनिक शस्त्रबंदी करार लागू झाला. त्याच वर्षी भारताने 1,044 टन मस्टर्ड जाहीर केले आणि 2009 पर्यंत ते नष्ट केले. अमेरिकेचा साठा जुलै 2023 मध्ये संपला.

क्लोरीन मात्र या 1997 च्या कराराच्या एकाही यादीत नाही. असणार कसा? पाणी त्यावर चालते. बंदी आहे ती शस्त्र म्हणून वापरण्यावर. 7 एप्रिल 2018 ला सीरियातल्या दूमात हेलिकॉप्टरमधून दोन सिलिंडर इमारतींवर टाकले गेले. 43 माणसे गेली. तपास अहवालात सिलिंडरांचा रंगही नोंदलेला आहे: पिवळा.