वॉरलॉककडे दोनच स्लॉट, मग एवढी ताकद येते कुठून?

नमस्कार मंडळी. डंजन्स अँड ड्रॅगन्स या फासे टाकून, पात्रं रंगवत खेळायच्या खेळाची पाचवी आवृत्ती खेळायला घेतलेला नवा खेळाडू हौसेने वॉरलॉक, म्हणजे करारातून जादू मिळवणारं पात्र, निवडतो, कॅरेक्टर शीट भरायला बसतो आणि स्पेल स्लॉटच्या, म्हणजे मंत्र टाकायच्या मोजक्या संधींच्या, रकान्यापाशी अडतो. पाचव्या लेव्हलच्या विझार्डकडे ९ स्लॉट असतात: पहिल्या पातळीचे ४, दुसऱ्या पातळीचे ३ आणि तिसऱ्या पातळीचे २. त्याच लेव्हलच्या वॉरलॉककडे फक्त २. कुणा सैतानाशी, परीराणीशी किंवा ताऱ्यांपलीकडच्या अनाकलनीय अस्तित्वाशी करार करून पदरात पडलं काय, तर दोन स्लॉट! तरीही नीट खेळलेला वॉरलॉक टेबलावर भारी पडतो. तो कसा, ते आज बघू. (लेव्हल म्हणजे कॅरेक्टरची आणि पातळी म्हणजे मंत्राची, एवढं लक्षात ठेवा.)

[स्क्रीनवर: वॉरलॉकचा स्लॉट तक्ता]

तक्त्यात पहिली गोष्ट बघा. वॉरलॉकचे सगळे स्लॉट एकाच पातळीचे असतात, आणि ती त्याला त्या वेळी मिळू शकणारी सर्वांत वरची पातळी असते. तिसऱ्या लेव्हलला दोन्ही स्लॉट दुसऱ्या पातळीचे, पाचव्याला तिसऱ्या, सातव्याला चौथ्या आणि नवव्याला पाचव्या पातळीचे. तिथे पातळी थांबते. अकराव्या लेव्हलला तिसरा स्लॉट मिळतो, सतराव्याला चौथा.

दुसरी गोष्ट तक्त्यात दिसत नाही, पण सगळी मदार तिच्यावरच आहे. हे स्लॉट शॉर्ट रेस्टला परत मिळतात, म्हणजे एक तास बसलं की झालं. विझार्डला त्यासाठी रात्रभराची लाँग रेस्ट लागते. २०१४च्या नियमांनी धरलेला साहसाचा दिवस असा होता: सहा ते आठ मध्यम किंवा कठीण प्रसंग आणि मध्ये साधारण दोन शॉर्ट रेस्ट. असा दिवस गेला तर पाचव्या लेव्हलचा वॉरलॉक तिसऱ्या पातळीचे ६ मंत्र टाकतो. विझार्ड आर्केन रिकव्हरी (शॉर्ट रेस्टला थोडे स्लॉट परत मिळवायची त्याची सोय) धरूनही ३.

आता गाडी कुठे अडते? बऱ्याच टेबलांवर दिवसाला एकच मोठी लढाई होते आणि लगेच सगळे झोपायला जातात. अशा खेळात वॉरलॉकचं नुकसान होतं, आणि त्यात खेळाडूची काहीही चूक नसते. म्हणून मोहीम सुरू व्हायच्या आधी डीएमला (खेळ चालवणाऱ्या डंजन मास्टरला) सरळ विचारा: दिवसात किती लढाया, आणि शॉर्ट रेस्टला वेळ मिळणार का? बाकीच्या पार्टीलाही सांगून ठेवा. फायटरचा सेकंड विंड आणि अ‍ॅक्शन सर्ज, माँकचे पॉइंट हेसुद्धा शॉर्ट रेस्टलाच परत येतात, त्यामुळे तुमची बाजू घेणारे टेबलावर निघतात. पार्टीत विझार्ड असेल तर त्याला रोप ट्रिक शिकायला सांगा. या मंत्राने दोराच्या टोकाशी उघडणारी लपायची जागा बरोबर एक तास टिकते. शॉर्ट रेस्टही बरोबर एक तासाची.

२०२४च्या सुधारित नियमांनी या दुखण्यावर थोडा इलाज केला आहे. दुसऱ्या लेव्हलला मॅजिकल कनिंग मिळतं. एका मिनिटाचा विधी करायचा आणि कमाल स्लॉटच्या निम्मे परत मिळवायचे, अपूर्णांक आला तर वर धरून. हे लाँग रेस्टमागे एकदाच. दोन स्लॉटवाल्याला एक स्लॉट, म्हणजे फार नाही. पण दरवाज्यामागे बॉस उभा असताना तो एकही पुष्कळ असतो.

आता मंत्र कुठले घ्यायचे? तुमचा प्रत्येक मंत्र वरच्याच पातळीवर टाकला जाणार आहे, स्वस्तात टाकायची सोयच नाही. त्यामुळे पातळीबरोबर वाढणारे मंत्र घ्या. आर्मर ऑफ अगाथिस पातळीमागे ५ टेंपररी हिट पॉइंट (तात्पुरती जीवशक्ती) देतो आणि तुम्हाला जवळून मारणाऱ्याला तितकंच थंडीचं डॅमेज देतो. पहिल्या लेव्हलला ५, पाचव्याला १५, नवव्याला २५, तोही कॉन्सन्ट्रेशन (मंत्र चालू ठेवायला लागणारं लक्ष) न मागता. होल्ड पर्सन तिसऱ्या पातळीवर एकाऐवजी दोघांना जखडतो. उलट मिस्टी स्टेप वाढत नाही. नवव्या लेव्हलला त्या ३० फुटांच्या उडीसाठी पाचव्या पातळीचा स्लॉट जातो. जीव वाचत असेल तर खुशाल खर्च करा, पण यादीत असे मंत्र एकदोनच ठेवा. प्रत्येक नव्या लेव्हलला एक जुना मंत्र बदलता येतो, ती संधी दवडू नका.

स्लॉट कमी म्हणजे बहुतेक टर्न स्लॉटशिवाय काढायचे, आणि त्यासाठी एल्ड्रिच ब्लास्ट आहे. कॅंट्रिप, म्हणजे स्लॉट न लागणारा मंत्र, असल्यामुळे कितीही वेळा टाका. पल्ला १२० फूट, डॅमेज १डी१० (दहा बाजूंचा एक फासा) फोर्स. पाचव्या लेव्हलला दोन झोत, अकराव्याला तीन, सतराव्याला चार, आणि प्रत्येक झोतासाठी वेगळा अटॅक रोल. त्यावर इन्व्होकेशनची, म्हणजे वॉरलॉकने निवडायच्या खास क्षमतांची, जोड द्या. अ‍ॅगोनायझिंग ब्लास्ट प्रत्येक झोताच्या डॅमेजला करिश्मा मॉडिफायर (करिश्मा या गुणावरून मिळणारा आकडा) जोडतो. रिपेलिंग ब्लास्ट लागलेल्या प्रत्येक झोतामागे शत्रूला १० फूट ढकलतो (२०२४मध्ये लार्ज आकारापर्यंतच). माझ्या मते अ‍ॅगोनायझिंगशिवाय लांबून लढणारा वॉरलॉक बनवूच नये. बाकी इन्व्होकेशन आवडीने निवडा.

एक लढाई जवळून बघू. पाचव्या लेव्हलचा वॉरलॉक, करिश्मा १८ (मॉडिफायर ४), प्रोफिशियन्सी (लेव्हलबरोबर वाढणारा सरावाचा आकडा) ३, म्हणजे अटॅकला +७ आणि सेव्ह डीसी (तुमचा मंत्र टाळायला शत्रूला गाठावा लागणारा आकडा) १५. समोर २०१४च्या नियमांतला ओगर: आर्मर क्लास (वार लागायला गाठावा लागणारा आकडा) ११, हिट पॉइंट ५९, वेग ४० फूट. वीस बाजूंच्या फाशावर ४ किंवा जास्त आलं की झोत लागतो.

पहिला मार्ग हेक्स, म्हणजे शत्रूला लागलेल्या तुमच्या प्रत्येक वाराला जादा डॅमेज जोडणारा शाप. बोनस अ‍ॅक्शनमध्ये हेक्स लावा आणि त्याच टर्नला दोन झोत सोडा. एका झोताची सरासरी: १डी१०चे ५.५, करिश्माचे ४ आणि हेक्सच्या १डी६चे ३.५, मिळून १३. दोन्ही लागले तर २६. सगळे झोत लागले तर तिसऱ्या टर्नला ओगर आडवा.

दुसरा मार्ग हंगर ऑफ हडार. २० फूट त्रिज्येचा काळाकुट्ट गोळा. आत असलेल्याला दिसत नाही, जमीन अवघड होते, म्हणजे चालायला दुप्पट वेग खर्च होतो. टर्नच्या सुरुवातीला आत असेल तर २डी६ थंडीचं डॅमेज, शेवटी आत असेल तर डेक्स्टेरिटी सेव्ह चुकल्यावर २डी६ अ‍ॅसिड. ओगर बरोबर मधोमध सापडला तर कडेपर्यंतच्या २० फुटांसाठी त्याचे चाळीसच्या चाळीस फूट खर्च होतात. तो धापा टाकत तुमच्या दिशेने बाहेर येतो, तुम्ही दोन झोत मारता, रिपेलिंगने तो २० फूट मागे, म्हणजे पुन्हा मधोमध. झोतांचे १९ आणि थंडीचे सरासरी ७, एकूण परत २६! शिवाय त्याला कुणापर्यंत पोचताच आलं नाही.

मग दोन्ही का नाही वापरायचे? कारण दोन्हींना कॉन्सन्ट्रेशन लागतं आणि ते एका वेळी एकाच मंत्रावर ठेवता येतं. नव्या वॉरलॉकचा स्लॉट सर्वांत जास्त इथेच वाया जातो: आधी हेक्स लावतो, दोन टर्नने हंगर टाकतो आणि हेक्स विरून जातो. दोनातला एक स्लॉट फुकट. ओगर एकटा असेल तर हेक्स, कारण हंगर टाकायला पूर्ण अ‍ॅक्शन जाते आणि त्या टर्नचे झोत बुडतात. तीन ओगर घोळक्याने येत असतील तर डोळे झाकून हंगर. तुमच्यावर वार झाला की कॉन्सन्ट्रेशनसाठी कॉन्स्टिट्यूशन सेव्ह करावा लागतो, डीसी १० किंवा डॅमेजच्या निम्मा, जे जास्त असेल ते. म्हणून अंतर राखा.

हेक्सची आणखी एक खुबी. तिसऱ्या पातळीच्या स्लॉटने टाकलेला हेक्स आठ तास टिकतो. सकाळच्या पहिल्या लढाईत लावा, शत्रू पडला की एक तास बसा. स्लॉट परत आला आणि हेक्स अजून चालूच, पुढच्या शत्रूवर हलवायला तयार. शॉर्ट रेस्टमध्ये कॉन्सन्ट्रेशन तुटत नाही, झोपलात तर मात्र तुटतं.

अकराव्या लेव्हलपासून मिस्टिक आर्केनम. सहाव्या पातळीचा एक मंत्र, मग तेराव्या लेव्हलला सातव्या, पंधराव्याला आठव्या आणि सतराव्याला नवव्या पातळीचा. हे स्लॉट नाहीत. ठरलेला एकेक मंत्र, लाँग रेस्टमागे एकदा, शॉर्ट रेस्टला परत येत नाही. २०१४मध्ये एकदा निवडला की बदलता येत नव्हता, २०२४मध्ये लेव्हल वाढताना बदलता येतो.

मल्टिक्लासबद्दल, म्हणजे एकाच कॅरेक्टरने दोन क्लासच्या लेव्हल घेण्याबद्दल, थोडक्यात. एल्ड्रिच ब्लास्टचे झोत कॅरेक्टरच्या एकूण लेव्हलवर वाढतात, म्हणून वॉरलॉकच्या दोन लेव्हल घेऊन दुसरीकडे वळणारे पुष्कळ. पॅक्टचे, म्हणजे वॉरलॉकचे, स्लॉट मात्र वॉरलॉकच्या लेव्हलवरच अडकतात आणि इतर क्लासच्या स्लॉट तक्त्यात मिसळत नाहीत. पॅलाडिन त्यातून स्माइट (स्लॉट खर्चून वाराला जादा डॅमेज) करू शकतो, तेही दर शॉर्ट रेस्टनंतर. हे मिश्रण चांगलं जमतं. फक्त तिसऱ्या आणि त्यावरच्या पातळीचे मंत्र उशिरा मिळतील, हे आधीच मान्य करून टाका.

राहिला करार. पेट्रन, म्हणजे करार करून शक्ती देणारा, २०१४मध्ये पहिल्याच लेव्हलला ठरतो, २०२४मध्ये तिसऱ्या. निवड फक्त रंगापुरती नसते. फीन्डचा (सैतानी पेट्रनचा) वॉरलॉक शत्रूला शून्यावर आणला की करिश्मा मॉडिफायर अधिक वॉरलॉक लेव्हल इतके टेंपररी हिट पॉइंट मिळवतो, वरच्या उदाहरणात ९. आणि फायरबॉल त्याच्या आवाक्यात येतो, जो वॉरलॉकच्या मूळ यादीत नाही.

पण एक गोष्ट अनेकांना माहीतच नसते. करार मोडला तर शक्ती जाते, असा नियम पुस्तकात नाही. कराराची किंमत टेबलावर ठरवायची असते. दुसरे खेळ ती नियमांतच घालतात. डंजन क्रॉल क्लासिक्समध्ये जादूगार स्पेलबर्न करून स्वतःची ताकद, चपळाई किंवा दम जाळतो तेव्हा मंत्राला जोर येतो, आणि पेट्रनशी नातं जोडलेल्याला मंत्र फसल्यावर पेट्रनचा कलंक लागू शकतो. पाथफाइंडरच्या दुसऱ्या आवृत्तीतली विच आपले मंत्र फॅमिलिअरमार्फत (जादुई सोबती प्राण्यामार्फत) शिकते. तो मेला तर पेट्रन पुढच्या रोजच्या तयारीच्या वेळी त्याला परत देतो.

आपल्या खेळात हे आणायचं तर पहिल्या सेशनआधी खेळाडू आणि डीएमने बसून चार ओळी लिहाव्यात: पेट्रन कोण, त्याने काय दिलं, तो काय मागतो आणि कधी, नकार दिला तर काय होतं. मागणी ठोस ठेवा. "आत्मा दे" यावर सेशन चालवणं कठीण जातं. "दर अमावास्येला एक खरं गुपित माझ्या कानात सांग" यावर वर्षभराची मोहीम चालते.

आणि डीएम मंडळींना कळकळीची विनंती: शिक्षा म्हणून स्लॉट काढून घेऊ नका. दोनातला एक गेला की तो खेळाडू संध्याकाळभर नुसता बसून राहतो. त्याऐवजी पेट्रनचा दूत पाठवा, तोच करार केलेला दुसरा वॉरलॉक मागावर सोडा, किंवा कर्ज विकत घेऊ पाहणारा दुसरा पेट्रन आणा. खेळाडूला खरंच करार तोडायचा असेल तर पेट्रन बदलायचा मार्ग त्यालाच शोधू द्या. तो शोध तीनचार सेशन चालू दे, आणि तेवढे दिवस त्याचे दोन्ही स्लॉट त्याच्याकडेच राहू देत.